नॅट किंग कोल आणि न मिळालेला प्रायोजक

टीव्हीवर काय दिसायचं आणि काय नाही हे कोण ठरवतं? आपण पटकन 'सरकार' म्हणून मोकळे होतो. पण नॅट किंग कोलच्या कार्यक्रमावर कोणी बंदी घातली नव्हती, नोटीसही काढली नव्हती. तरी तो तेरा महिन्यांत बंद पडला. कसा, ते सांगतो.

कोलचा जन्म १९१९ चा, अमेरिकेच्या दक्षिणेतल्या अलाबामा राज्यातला. वाढला शिकागोत. मुळात हा जॅझ पियानोवादक, गायक म्हणून नाव नंतर झालं. आवाज इतका मऊ आणि शब्द इतके स्वच्छ, की गोऱ्यांच्या घरांतही त्याच्या तबकड्या सर्रास वाजायच्या. आणि १९४८ साली याच माणसाने लॉस एंजेलिसच्या हॅंकॉक पार्कात घर घेतलं, तेव्हा तिथले गोरे रहिवासी विरोधाला उभे राहिले. तबकडी चालते, शेजारी नको! (हसू नका. आपल्याकडे भाड्याने घर देताना आडनाव का विचारतात?)

१० एप्रिल १९५६. बर्मिंगहॅमला, म्हणजे त्याच्या जन्मराज्यातच, तो गोऱ्या प्रेक्षकांसमोर गात असताना काही गोरे स्टेजवर चढले आणि त्यांनी त्याला खाली पाडलं. वर काळ्यांच्या संघटनांकडून टीकाही त्यालाच ऐकावी लागली, की वेगळ्या बसवलेल्या प्रेक्षकांपुढे गातोसच कशाला? दोन्हीकडून मार. पुढे तो 'एनएएसीपी' या नागरी हक्क संघटनेचा आजीव सभासद झाला.

आणि त्याच वर्षी ५ नोव्हेंबरला एनबीसीवर त्याचा स्वतःचा कार्यक्रम सुरू झाला. काळ्या कलाकाराचा हा पहिलाच, असं सरसकट लिहितात, ते बरोबर नाही. १९५० मध्ये हेझल स्कॉट या पियानोवादक बाईंचा कार्यक्रम होता. कम्युनिस्ट असल्याच्या संशयावरून त्या स्वतःहून संसदीय समितीपुढे गेल्या आणि लगेच कार्यक्रम गेला. पण तो वेगळा विषय.

कोलचा कार्यक्रम सुरुवातीला फक्त पंधरा मिनिटांचा, थेट प्रक्षेपण. चुकलं तर चुकलं, पुन्हा संधी नाही. त्या काळी थेट कार्यक्रम जपून ठेवायचा तर पडद्यासमोर फिल्म कॅमेरा लावून चित्रण करायचे. अशा चित्रणातून उरलेले काही भाग मी यूट्यूबवर पाहिलेत. चित्र धूसर आहे, पण माणूस कुठेही अवघडलेला दिसत नाही. घरी आलेल्या पाहुण्यांशी बोलावं तसा बोलतो आणि बोलता बोलता गायला लागतो. मला तरी आजच्या सूत्रसंचालकांच्या आरडाओरड्यापेक्षा हे फार बरं वाटतं.

मग अडलं कुठे? पैशात. तेव्हाच्या अमेरिकन टीव्हीवर प्रायोजक म्हणजे मालकच. कित्येक कार्यक्रमांच्या नावातच कंपनीचं नाव असे. कोलला देशभराचा प्रायोजक मिळालाच नाही. काळ्या माणसाच्या कार्यक्रमाशी आपलं नाव जोडलं, तर दक्षिणेतले गोरे आपला माल घेणं बंद करतील, ही कंपन्यांची धास्ती. काही शहरांपुरते स्थानिक प्रायोजक सापडले, बाकीचा खर्च एनबीसीने सोसला. दक्षिणेतल्या बऱ्याच केंद्रांनी तर कार्यक्रम दाखवलाच नाही. एला फिट्झजेराल्ड, हॅरी बेलाफॉन्टे, पेगी ली अशी मोठमोठी मंडळी येऊन गायली. नेहमीच्या बिदागीवर पाणी सोडून, नियमाने द्यावं लागणारं किमान मानधन घेऊन अनेकांनी हे केलं.

जुलै १९५७ मध्ये वेळ वाढवून अर्धा तास केला. प्रायोजक तरीही येईना. शेवटी एनबीसीने कमी महत्त्वाची वेळ देऊ केली, ती कोलने नाकारली. १७ डिसेंबर १९५७ ला शेवटचा भाग झाला.

पुढच्याच वर्षी 'एबनी' मासिकात त्याने यावर लेख लिहिला. मला मोलाचं वाटतं ते हे, की त्याने एनबीसीवर राग काढला नाही. नुसता दक्षिणेच्या नावाने खडे फोडूनही तो थांबला नाही. दोष त्याने न्यूयॉर्कच्या मॅडिसन ॲव्हेन्यूला दिला, म्हणजे जाहिरात कंपन्या आणि त्यांच्या बड्या गिऱ्हाइकांना. दगड मारणारा निदान दिसतो हो. जाहिरात न देणाऱ्यावर खटला कुठे भरणार?

त्याच एनबीसीवर १९७० मध्ये फ्लिप विल्सन या काळ्या विनोदी नटाचा असाच कार्यक्रम आला आणि तुफान चालला. प्रायोजकही मिळाले. कोल १९६५ च्या फेब्रुवारीतच फुप्फुसाच्या कॅन्सरने गेला होता. वय अवघं ४५.