लाल मातीतून हिरवळीवर : कोल्हापूरच्या तालमी आणि फुटबॉल

#थ्रेड

रात्री कल्याण स्थानकातून सुटलेली महालक्ष्मी एक्स्प्रेस सकाळी कोल्हापूरच्या छत्रपती शाहू महाराज टर्मिनसवर पोहोचते. ठाण्याचा किंवा डोंबिवलीचा एखादा प्रवासी हंगामाच्या दिवसांत तेथे उतरला आणि त्याने स्थानिक वृत्तपत्राचे क्रीडापान उघडले, तर पाटाकडील तालीम मंडळ विरुद्ध दिलबहार तालीम मंडळ अशा लढतीचा वृत्तान्त त्याला दिसेल. तो ती कुस्तीची बातमी समजेल. पुढच्या ओळीत ‘कॉर्नर किक’ आणि ‘टायब्रेकर’ हे शब्द आले, की मात्र त्याला थबकावे लागेल.

महाराष्ट्रात क्रिकेटचे वेड सर्वत्र सारखे आहे. कोल्हापूरच्या जुन्या पेठांमध्ये मात्र मुलाच्या पायाशी आधी फुटबॉल येतो, आणि तो त्याच्यापर्यंत आणते ती तालीम. हे कसे घडले, हे समजून घेण्यासाठी आधी तालमीकडे पाहावे लागेल.

‘तालीम’ हा मूळचा अरबी शब्द. अर्थ शिक्षण. मराठीत त्याला सरावाचा आणि पुढे कुस्तीच्या आखाड्याचा अर्थ चिकटला. तेल, ताक, हळद घालून मळलेल्या लाल मातीचा हौद, बाजूला जोर-बैठकांची जागा, कोनाड्यात मारुती, ही तालमीची रूढ प्रतिमा. कोल्हापुरात ती प्रतिमा अपुरी पडते. तेथे गणपती तालमीचा असतो, शिवजयंती तालमीची असते आणि मोहरमचे पंजेही अनेक तालमींत बसतात. पेठेतल्या घरात मयत झाली, तर सर्वांत आधी धावणारी पोरे तालमीचीच असतात. कोण कोणत्या तालमीचा, हे विचारले म्हणजे कोण कुठला, हे कळते.

या संस्थेला राजाश्रय मिळाला तो शाहू महाराजांच्या काळात. १८९४ साली त्यांनी राज्यकारभार हाती घेतला. १९०२ साली सातव्या एडवर्डच्या राज्यारोहणासाठी ते युरोपात गेले. (मागासवर्गीयांसाठी निम्म्या सरकारी जागा राखून ठेवणारा २६ जुलै १९०२ चा सुप्रसिद्ध जाहीरनामा निघाला, तेव्हा महाराज विलायतेतच होते.) त्याच प्रवासात रोमचे प्राचीन क्रीडागार पाहून त्यांच्या मनात खासबाग मैदानाची कल्पना आली, असे सांगितले जाते. १९१२ साली खासबाग उभे राहिले. मध्ये खोलगट आखाडा आणि सभोवती उतरती बैठक, त्यामुळे शेवटच्या रांगेतल्या शेतकऱ्यालाही डाव दिसावा. १९५९ साली पहिले हिंदकेसरी ठरलेले श्रीपती खंचनाळे याच शहरात घडले.

येथे एक गोष्ट ध्यानात घ्यावी. खासबागेने कोल्हापूरला मल्ल दिले, तसा प्रेक्षकही दिला. तिकीट काढून, तास-दोन तास आधी जागा धरून, आपल्या तालमीच्या माणसासाठी घसा कोरडा करणारा हा प्रेक्षक. फुटबॉल आला तेव्हा हा प्रेक्षक तयारच होता.

हिंदुस्थानात फुटबॉल आला तो गोऱ्या पलटणींबरोबर. १८८८ साली सिमल्यात ड्युरँड चषक सुरू झाला आणि १८९१ साली मुंबईत रोव्हर्स चषक. मुंबईची हारवुड लीग १९०२ ची. या स्पर्धांवर प्रारंभी लष्करी संघांचेच वर्चस्व होते. २९ जुलै १९११ रोजी कलकत्त्यात मोहन बागानने ईस्ट यॉर्कशायर रेजिमेंटला २-१ असे हरवून आयएफए शील्ड जिंकली. एक खेळाडू सोडला तर बागानचे बाकी सारे अनवाणी खेळले होते. त्याच वर्षी मुंबईत वेस्टर्न इंडिया फुटबॉल असोसिएशन, म्हणजे आजची ‘विफा’, आकाराला आली.

मुंबईत हा खेळ पलटणी, गिरण्या, रेल्वे आणि बंदर यांच्या आधाराने वाढला. कोल्हापुरात यांपैकी फारसे काही नव्हते. तेथे तो संस्थानी वाटेने आला. राजघराण्याची आवड, इंग्रजी शिक्षण, शाळा-महाविद्यालयांची मैदाने, आणि तेथून पेठेची गल्ली. इतर अनेक संस्थानांतही राजपुत्रांनी विलायती खेळ आणले. पोलो, टेनिस, क्रिकेट हे खेळ बहुतेक ठिकाणी राजवाड्याच्या आवारातच राहिले. कोल्हापुरात चेंडू आवाराबाहेर गेला, कारण बाहेर त्याला झेलणारी संघटना आधीपासून उभी होती. तालमीकडे तरुण होते, वर्गणी जमवण्याची सवय होती, ज्यांचा शब्द ऐकला जाई असे वस्ताद होते आणि शेजारच्या पेठेशी पिढ्यान्‌पिढ्यांची चुरस होती. फुटबॉल संघाला याहून अधिक लागते तरी काय? एक चेंडू.

नावांकडेच पाहा. पाटाकडील, बालगोपाल, खंडोबा, दिलबहार ही सारी तालीम मंडळे. ‘दिलबहार’ हे फारसी शब्दांनी घडलेले नाव रविवार पेठेच्या तोंडी इतके रुळले आहे, की त्याचा अर्थ कोणी विचारत नाही. शिवाजी पेठेत खंडोबा तालीम आणि शिवाजी तरुण मंडळ, मंगळवार पेठेत पाटाकडील आणि बालगोपाल, शहराबाहेर गगनबावड्याच्या रस्त्यावर फुलेवाडी क्रीडा मंडळ. आणि या साऱ्यांत एक संघ आहे प्रॅक्टिस क्लब. नाव पूर्ण इंग्रजी, आणि तरी ‘प्रॅक्टिस’चे मराठी करायला बसलो तर पहिला शब्द सुचतो तो ‘तालीम’च.

१ मार्च १९४९ रोजी कोल्हापूर संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले. राजाश्रय संपला की कला आणि खेळ ओसरतात, हा संस्थानांच्या इतिहासातला नेहमीचा क्रम. फुटबॉलच्या बाबतीत तसे झाले नाही. कोल्हापूर स्पोर्ट्स असोसिएशन, म्हणजे सर्वांच्या तोंडची ‘केएसए’, स्पर्धांचे नियमन करू लागली. तिचे नेतृत्व छत्रपती घराण्याकडे राहिले, पण संघांचा खर्च पेठांनीच उचलला. आज वरिष्ठ गटात १६ संघ खेळतात. लीग झाली की वेगवेगळ्या चषकांच्या बाद फेरीच्या स्पर्धा सुरू होतात. सगळ्यांचे घर एकच, राजर्षी शाहू स्टेडियम.

तेथील सामना पाहणे हा वेगळा अनुभव आहे. दुपारी पेठेतून दुचाकींची रांग निघते. प्रत्येक तालमीचे समर्थक आपापल्या ठरलेल्या बाजूला बसतात. गोल झाला की हलगी कडाडते. पायात गोळे आलेल्या बचावपटूला प्रेक्षकांतून नावाने हाक मारली जाते, आणि हाक मारणारा बहुधा त्याच्या गल्लीतलाच असतो. सामना संपल्यावर त्या खेळाडूला त्याच गल्लीतून घरी जायचे असते. व्यावसायिक खेळाडू पराभवानंतर बसमध्ये चढून निघून जातो. तालमीच्या खेळाडूला मात्र चहाच्या टपरीवर उत्तर द्यावे लागते.

याच जवळिकीची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. ईर्षा मैदानात मावेनाशी झाली की ती रस्त्यावर सांडते. सामन्यानंतरची हाणामारी, दगडफेक, पोलीस बंदोबस्त, थांबवलेल्या स्पर्धा हे सारे कोल्हापूरच्या फुटबॉलने पाहिले आहे. समाजमाध्यमांनी त्यात भर घातली. पूर्वीची खुन्नस चौकापुरती असे, आता ती सामन्याआधी चार दिवस फोनवर तापत राहते. ‘हे थोड्या हुल्लडबाजांचे काम’ असे म्हणून हा विषय मिटवण्याची रीत आहे. ती पटण्यासारखी नाही. ज्या निष्ठेवर हा खेळ जगला, त्याच निष्ठेतून ही भांडणे निघतात. एकीचे कौतुक करायचे आणि दुसरीकडे डोळेझाक करायची, हा इतिहास नव्हे.

मधल्या काळात आणखी एक बदल झाला. चुरस वाढली तशी तालमींनी बाहेरचे खेळाडू आणायला सुरुवात केली. आधी परजिल्ह्यांतून, मग परराज्यांतून, मग थेट आफ्रिकी देशांतून. मंगळवार आणि शिवाजी पेठेच्या जर्सीत नायजेरियन आघाडीपटू दिसू लागले आणि पोरांनी त्यांना आपलेसे केले. खर्च वाढला. वर्गणी पुरेना, तेव्हा प्रायोजक आले, आणि प्रायोजकांत राजकारणी असणे ओघानेच आले. बाहेरच्या खेळाडूंच्या संख्येवर संघटनेला मर्यादा घालावी लागली. मुद्दा पैशाचा होताच, त्याहून अधिक पेठेतल्या मुलाच्या जागेचा होता. अकरांत चार जागा बाहेरच्यांनी घेतल्या, तर तालमीच्या दारात वाढलेल्या मुलाने कोठे खेळायचे?

आता कोल्हापूरहून नजर काढून राज्याकडे पाहू. महिंद्रा युनायटेडने २००५-०६ ची राष्ट्रीय लीग जिंकली, आणि २०१० साली कंपनीने संघ बंद केला. पुणे एफसी २००७ साली निघाला, २०१२-१३ मध्ये आय-लीगमध्ये दुसरा आला, आणि काही वर्षांत त्याचा वरिष्ठ संघ दिसेनासा झाला. भारत एफसी एक हंगाम खेळला. डीएसके शिवाजियन्स २०१७ मध्ये आय-लीगमधून गेला. मुंबई एफसीही त्याच सुमारास संपला. एफसी पुणे सिटीने २०१९ साली गाशा गुंडाळला. या सर्वांकडे मैदाने, प्रशिक्षक, परदेशी खेळाडू आणि ताळेबंद होते. ताळेबंद तुटीत गेला आणि दार बंद झाले. यांपैकी एकाही संघाच्या विसर्जनाने कोणत्या पेठेत चूल पेटली नाही, असे घडले नाही.

तालीम संघ बंद करण्याचा ठराव मात्र कोणी मांडू शकत नाही. तो कोणाच्या मालकीचाच नाही.

मग प्रश्न असा, की एवढा टिकाऊ पाया असून या संघांपैकी एकही देशाच्या पहिल्या श्रेणीत का दिसला नाही? उत्तरासाठी दूरचे एक उदाहरण उपयोगी पडते.

दक्षिण अमेरिकेतील पेरू या देशात १९६७ पासून ‘कोपा पेरू’ नावाची हौशी संघांची स्पर्धा भरते. आधी तालुका, मग प्रांत, मग विभाग आणि शेवटी राष्ट्रीय फेरी, अशा पायऱ्या. अँडीजच्या डोंगरातल्या किंवा ॲमेझॉनच्या खोऱ्यातल्या आडगावचा संघही सामने जिंकत जिंकत वर चढू शकतो, आणि दीर्घ काळ तिच्या विजेत्याला थेट पहिल्या श्रेणीत प्रवेश मिळत असे. बोलिव्हियाच्या सीमेवर, टिटिकाका सरोवराच्या काठी देसाग्वादेरो नावाचे गाव आहे. तेथे २०१० साली बिनासिओनाल हा संघ निघाला. २०१७ मध्ये त्याने कोपा पेरू जिंकली. २०१९ मध्ये राजधानीतल्या बलाढ्य अलियान्झा लिमाला अंतिम लढतीत मागे टाकून तो पेरूचा राष्ट्रीय विजेता झाला. पुढे तो घसरलाही. पण चढण्याची शिडी होती, म्हणून तर घसरला.

भारतात अशी सलग शिडी नव्हती. २०१४ साली सुरू झालेली इंडियन सुपर लीग अनेक वर्षे बंद दाराची होती. पैसे भरा, संघ घ्या. आय-लीग जिंकून पंजाब एफसीला तेथे प्रवेश मिळाला तो २०२३ मध्ये. तरीही पेठेच्या संघापुढची अडचण संपत नाही. वरच्या श्रेणीत जायचे तर परवाना हवा, नोंदणीकृत कंपनी हवी, वयोगटांचे संघ हवेत, देशभर फिरण्याचा खर्च हवा. आणि कंपनी झाली की तिला मालक आला. ज्या गुणामुळे तालीम संघ टिकला, तोच या दारात सोडून द्यावा लागतो. तालमीच्या जाणत्यांनी हा सौदा करावा का, याचे सोपे उत्तर नाही. मात्र निर्णय लांबत गेला त्याची किंमत खेळाडूंनी मोजली आहे. वयाच्या तिशीपर्यंत स्टेडियम डोक्यावर घेणारा खेळाडू त्यानंतर नोकरीसाठी अर्ज करत फिरतो, ही पेठांतली जुनी व्यथा आहे.

वर जायचे तर पेठ लवकर सोडावी लागते. अनिकेत जाधव हे याचे ठळक उदाहरण. कोल्हापूरचा, रिक्षाचालकाचा मुलगा. तो पुण्याच्या क्रीडा प्रबोधिनीत गेला आणि ऑक्टोबर २०१७ मध्ये भारतात भरलेल्या १७ वर्षांखालील विश्वचषकात देशाकडून खेळला. पुढे २०२२ साली आयएसएल जिंकणाऱ्या हैदराबाद एफसीच्या चमूत तो होता. त्या विश्वचषकाच्या निमित्ताने राज्य सरकारने १५ सप्टेंबर २०१७ रोजी महाराष्ट्रभर लाखो मुलांच्या हाती फुटबॉल देण्याचा कार्यक्रम केला होता. कोल्हापूरच्या पेठांना त्या दिवशी नवे काही मिळाले असेल, तर ते चेंडू. खेळ त्यांच्याकडे होताच.

ठाणे, कल्याण, डोंबिवलीत आज गच्च्यांवर आणि पुलांच्या कडेला जाळी लावलेली टर्फ दिसतात. तासाचे भाडे, सहा-सात जणांचे संघ, रात्री अकरापर्यंत दिवे. मुले मनापासून खेळतात, चांगलेही खेळतात. वेळ संपली की पुढचा गट आत येतो आणि आधीच्या संघाचे नावही उरत नाही. पश्चिम महाराष्ट्रातून या शहरांत आलेल्या घरांतले आजोबा मात्र अजून सांगू शकतात, की त्यांची तालीम कोणती.

जूनमध्ये कोल्हापूरचा हंगाम आटोपतो. शिवाजी पेठेतले गांधी मैदान म्हणजे पूर्वीचे वरुणतीर्थ तळे. तळे बुजवून मैदान झाले, पण पावसाळ्यात पाणी आपली जुनी जागा विसरत नाही. मोठा पाऊस झाला की मैदानाचे पुन्हा तळे होते. पोरे कडेला उभी राहून पाणी ओसरण्याची वाट पाहतात. आणि तालमींच्या कट्ट्यावर, गणपतीच्या वर्गणीच्या हिशेबाबरोबरच, पुढच्या हंगामात गोलरक्षक कोण, याची चर्चा सुरू झालेली असते.