काउंट द बूर्नों : निर्वासित सरदार, खनिजांचा पारखी

अठराव्या शतकातील युरोपात खनिजांचा संग्रह करणे हा सरदार-उमरावांचा प्रतिष्ठेचा छंद मानला जात असे. फ्रान्सचे काउंट झाक लुई द बूर्नों (१७५१–१८२५) याच वर्गातील होते. फ्रेंच राज्यक्रांतीनंतर मात्र त्यांना देश आणि मालमत्ता दोन्हींस मुकावे लागले आणि जो छंद होता, तोच उपजीविकेचे साधन बनला. भारतातून लंडनला पोहोचलेल्या दगडांच्या अभ्यासामुळे त्यांचे नाव विज्ञानाच्या इतिहासात कायम झाले.

पूर्वायुष्य

बूर्नों यांचा जन्म ईशान्य फ्रान्समधील मेत्स येथे झाला. खनिजांची आवड त्यांना वडिलांच्या संग्रहामुळे लागली. पॅरिसमध्ये त्यांनी स्फटिकशास्त्राचे एक आद्य प्रवर्तक रोमे द लील यांच्याकडे अध्ययन केले. सैन्यात अधिकारी असताना आग्नेय फ्रान्समधील दोफिने या डोंगराळ प्रांतातील खनिजांचा त्यांनी अभ्यास केला. १७८९ मध्ये राज्यक्रांती झाली. राजनिष्ठ बूर्नों यांनी देश सोडला आणि पुढे इंग्लंडमध्ये आश्रय घेतला.

लंडनमधील कार्य

लंडनमध्ये चार्ल्स ग्रेव्हिल, सर जॉन सेंट ऑबिन आणि सर अब्राहम ह्यूम या धनिक संग्राहकांनी आपापल्या संग्रहांची मांडणी व वर्णन करण्याचे काम त्यांच्यावर सोपविले. एकेकाळी स्वतः संग्राहक असलेला हा सरदार आता इतरांच्या कपाटांतील नमुने पारखीत होता. ग्रेव्हिल यांच्या निधनानंतर १८१० मध्ये ब्रिटिश संसदेने त्यांचा संग्रह १३,७२७ पौंडांना ब्रिटिश म्युझियमसाठी विकत घेतला.

कुरुविंद आणि माणिक

दक्षिण भारतातील कर्नाटिक प्रदेशात सापडणारा कुरुविंद हा अत्यंत कठीण दगड रत्ने घासण्यासाठी पूर्वापार वापरला जात असे. ग्रेव्हिल यांनी त्याचे नमुने मिळवून १७९८ मध्ये रॉयल सोसायटीपुढे निबंध सादर केला. ‘कोरंडम’ हे या खनिजाचे आजचे शास्त्रीय नाव तमिळ ‘कुरुंदम’ व संस्कृत ‘कुरुविंद’ या शब्दांशी निगडित आहे. १८०२ मध्ये बूर्नों यांनी स्फटिकांचा आकार व कोन, कठीणपणा आणि घनता यांच्या आधारे सविस्तर दाखवून दिले, की ओबडधोबड कुरुविंद, लाल माणिक आणि निळा नीलम ही एकाच खनिजाची रूपे आहेत. रसायनशास्त्रज्ञ रिचर्ड चेनेव्हिक्स यांनी त्याच वर्षी त्यांचे रासायनिक विश्लेषण केले. या दगडासोबत आढळणाऱ्या एका तंतुमय खनिजाला बूर्नों यांनी ‘फायब्रोलाइट’ असे नाव दिले. हे खनिज म्हणजे सिलिमनाइटच होय, असे पुढे निश्चित झाले.

बनारसचे दगड

आकाशातून दगड पडतात, ही गोष्ट त्या काळी अनेक विद्वानांना मान्य नव्हती. डिसेंबर १७९८ मध्ये बनारसजवळ अग्निगोल दिसून मोठा गडगडाट झाला आणि दगड पडले. हे दगड लंडनला पोहोचल्यावर रसायनशास्त्रज्ञ एडवर्ड हॉवर्ड यांनी इंग्लंड, इटली व बोहेमिया येथील अशाच दगडांसोबत त्यांची तपासणी केली. बूर्नों यांनी प्रत्येक दगडाचे घटक वेगळे करून त्यांचे वर्णन केले. चारही ठिकाणच्या दगडांत गोलसर कण, लोहाचे कण, गंधकयुक्त लोहखनिज आणि या सर्वांना बांधून ठेवणारा मातकट भाग असे चार घटक त्यांना आढळले. लोहाच्या कणांत निकेल असल्याचे हॉवर्ड यांनी दाखविले. इतक्या दूरदूरच्या प्रदेशांत पडलेले हे दगड परस्परांशी मिळतेजुळते होते, परंतु पृथ्वीवरील ज्ञात खडकांशी त्यांचे साम्य नव्हते. १८०२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या संशोधनामुळे उल्कापाषाणांविषयीचे मत पालटण्यास मोठी मदत झाली. बूर्नों यांनी वर्णिलेल्या गोलसर कणांना आज ‘कॉन्ड्रूल’ म्हणतात.

ग्रंथ आणि सन्मान

१८०२ मध्ये बूर्नों रॉयल सोसायटीचे सदस्य झाले. कॅल्साइट व अ‍ॅरागोनाइट या खनिजांवरील त्यांचा तीन खंडांचा ग्रंथ १८०८ मध्ये लंडनमध्ये प्रसिद्ध झाला. त्याच्या छपाईसाठी निधी उभारण्याकरिता डॉक्टर विल्यम बॅबिंग्टन यांच्याकडे खनिजप्रेमी एकत्र येत. याच मंडळींच्या संपर्कातून १३ नोव्हेंबर १८०७ रोजी लंडनची जिऑलॉजिकल सोसायटी स्थापन झाली. तिच्या तेरा संस्थापकांत बूर्नों यांचा समावेश होता. कॉर्नवॉलमधील शिसे, तांबे व अँटिमनी यांच्या सल्फाइड खनिजाचे त्यांनी १८०४ मध्ये तपशीलवार वर्णन केले होते. ते खनिज आज ‘बूर्नोनाइट’ म्हणून ओळखले जाते.

अखेरचा काळ

नेपोलियनच्या पाडावानंतर बूर्नों मायदेशी परतले. राजा अठरावा लुई याने त्यांच्याकडे शाही खनिजसंग्रहाचे संचालकपद सोपविले. परागंदा अवस्थेत त्यांनी नव्याने जमविलेला संग्रहही राजाच्या संग्रहात समाविष्ट झाला. १८२५ मध्ये व्हर्साय येथे त्यांचे निधन झाले.

राज्यक्रांतीत गमावलेले वैभव त्यांना पूर्वीच्या स्वरूपात परत मिळाले नाही. मात्र कुरुविंद, माणिक व नीलम यांची एकात्मता आणि उल्कापाषाणांची आकाशीय उत्पत्ती या दोन्ही गोष्टी आज शालेय पुस्तकांतही निर्विवाद मानल्या जातात. त्यांच्या सिद्धतेत या निर्वासित सरदाराचा मोलाचा वाटा आहे.