राजव्यवहारकोश आणि दफ्तरची भाषा

राजव्यवहारकोशाचें नांव निघालें कीं, शिवछत्रपतींनीं मराठीस फारसीच्या जोखडांतून सोडविलें, हें विधान पाठोपाठ येतें. कै. राजवाडे यांनीं १६२८, १६७७ व १७२८ या सालांचीं तीन पत्रें घेऊन शब्दांची गणती केली. तींत मराठी शब्दांचें प्रमाण शेकडा सुमारें १४ वरून ६२ वर व तेथून ९३ वर चढलेलें दिसलें. पुढें भाषाशुद्धीच्या वादांत हे आंकडे इतके फिरले कीं, त्यांच्या बुडाशीं तीनच पत्रें आहेत हें बहुतेकांच्या ध्यानीं राहिलें नाहीं. पत्र कोणीं कोणास व कोणत्या कामीं लिहिलें, यावर त्यांतील शब्द ठरतात. तेव्हां कोश तरी कोणासाठीं रचला, हा प्रश्न प्रथम घेतला पाहिजे.

कोशाच्या उपोद्घातांत रघुनाथपंत हणमंते यांची नेमणूक ‘विबुधभाषे’चा विस्तार करण्यासाठीं झाल्याचें सांगितलें आहे. विबुधभाषा म्हणजे संस्कृत. मावळांतील रयतेची मराठी नव्हे. राजवर्गापासून पण्यवर्गापर्यंत दहा वर्ग असून, अनुष्टुभांत यावनी शब्दाशेजारीं संस्कृत शब्द बसविला आहे : पेशव्यास प्रधान, मुजुमदारास अमात्य. गंमत अशी कीं, सतराव्या शतकांतील कारभाराचे फारसी शब्द आज कोणास हवे असतील, तर ते इतके नीटस लावलेले याच ग्रंथांत मिळतात.

या उद्योगाचें कारण १६७४ च्या राज्याभिषेकांत शोधावें. १६६८ त औरंगजेबानें महाराजांस ‘राजा’ हा किताब दिला होता. फारसीच्या परिभाषेंत महाराज कितीही वाढले तरी कोणाच्या तरी देणगीचे धनीच ठरत. मोंगल लेखक तर त्यांस जमीनदारांतच काढीत. ‘छत्रपति’ हें पद मात्र कोणा पादशहाच्या फर्मानानें मिळणारें नव्हतें. म्हणून होनावर तें नागरींत उमटलें, सरनौबताचा सेनापति व डबीराचा सुमंत झाला, आणि नवा शक सुरू झाला. हे शब्द ऐकावयाचे होते ते दिल्ली व विजापूर येथील दरबारांनीं, आणि आदिलशाहींतील त्या मराठा सरदारांनीं, जे महाराजांस आपल्या बरोबरीचे समजत.

त्यांपैकींच एकास, मालोजी घोरपड्यास, १६७७ त महाराजांनीं लिहिलेलें पत्र सुप्रसिद्ध आहे. त्यांत विबुधभाषेचा मागमूस नाहीं. बहलोलखान पठाणाच्या हातीं विजापूर गेलें, तेव्हां कुतुबशहाशीं मिळून दक्षिणची पादशाही दक्षिण्यांच्या हातीं राखावी, असा त्याचा इत्यर्थ. दोन घराण्यांचें जुनें वैरही त्यांत झांकलेलें नाहीं. ‘पादशाही’ व ‘दक्षिणी’ हे दोन शब्द घोरपड्यास कळणारे. त्यांत कुतुबशहा आपला ठरतो व पठाण परका. नुकताच छत्र धारण केलेला राजा असें लिहितो, यास मी विसंगति म्हणत नाहीं. ज्यास वळवावयाचें, त्याच्या मनांत जो ‘आपण’ वसत असेल तोच शब्द उच्चारावा लागतो.

दफ्तरांत बदल कोठें झाला, हेंही पाहण्याजोगें आहे. शहाजीराजे व जिजाबाई यांचे शिक्के फारसी. महाराजांचा १६४६ च्या पत्रावर आढळणारा शिक्का संस्कृत. पण त्याच काळच्या पत्रांचा मायना ‘अज रख्तखाने’ असा, व साल अरबी सुहूर. राज्याभिषेकानंतर मायन्यांत राज्याभिषेक शक व ‘क्षत्रियकुलावतंस’ आलें. मजकुरांत मुलूख, रयत, वतन, इनाम हे शब्द जागच्या जागीं राहिले. १७१५ च्या सुमाराच्या आज्ञापत्राची भाषा खुद्द अमात्यांची आणि संस्कृताकडे झुकलेली. तरी आरमार व साहुकार तेथें आहेतच, आणि आरमार तर पोर्तुगीजांकडून आलेलें. पेशव्यांच्या शिक्क्यांत ‘मुख्यप्रधान’ कोरलेलें असे, लोक पेशवेच म्हणत, आणि त्यांचें दफ्तर अखेरपर्यंत सुहूर सनच लिहीत राहिलें.

संग्राहकांनीं म्हणून पत्राचा काळ ठरवितांना मजकुरांतील फारसी शब्द मोजीत बसूं नये. मायना, शक व शिक्का आधीं पाहावा. १६७४ पूर्वींच्या मितीच्या कागदावर ‘छत्रपति’ किंवा राज्याभिषेक शक दिसल्यास तो कागद तेथेंच बाजूस ठेवावा; उलट १७५० च्या पत्रांत फारसी शब्द दाट आहेत एवढ्यावरून तें बनावट ठरत नाहीं.