खुबा निखळणे : अपूर्ण व पूर्ण अवस्थांचे आकलन आणि उपचार यांचा इतिहास

प्रास्ताविक

मांडीच्या हाडाचे गोल डोके कमरेच्या हाडातील वाटीसारख्या खोबणीत बसलेले असते. यालाच आपण खुब्याचा सांधा म्हणतो. डोके खोबणीच्या पूर्णपणे बाहेर गेले तर खुबा पूर्ण निखळला असे म्हणतात. ते आपल्या जागेवरून सरकले, पण खोबणीला काही प्रमाणात टेकलेले राहिले, तर तो अपूर्ण निखळला असे समजतात. हा भेद वरवर किरकोळ वाटतो. इतिहास पाहिला तर मात्र पूर्ण निखळलेला खुबा वैद्यांना सुमारे चोवीसशे वर्षांपासून परिचित आहे, आणि अपूर्ण निखळलेला, विशेषतः तान्ह्या मुलाचा खुबा ओळखण्याची खात्रीची रीत गेल्या शंभर वर्षांतच हाती आली, असे दिसते. उपचार सर्वांत सोपा असतो तो याच अवस्थेत. हे ज्ञान कोणत्या वाटेने आपल्यापर्यंत आले आणि डिचोली तालुक्यातील कारापूरसारख्या गावात त्याचा आज काय उपयोग आहे, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

ग्रीक व भारतीय ग्रंथांतील विचार

इसवी सनापूर्वीच्या पाचव्या-चौथ्या शतकांतील हिप्पोक्रेटीसच्या परंपरेतील सांध्यांवरील ग्रंथात खुबा चार दिशांना निखळतो असे सांगितले आहे : आत, बाहेर, मागे व पुढे. जन्मतः निखळलेल्या खुब्याचाही त्यात उल्लेख आहे. निखळलेला सांधा वेळीच बसवला नाही तर पाय आखूड राहतो, मांडी बारीक होते आणि चाल कायमची बिघडते, हे निरीक्षण त्या ग्रंथात स्पष्ट आहे. त्यातील एक मत मात्र पुढे टिकले नाही. खुबा बहुधा आतील बाजूस निखळतो असे तो ग्रंथ सांगतो. आजच्या अनुभवानुसार अपघातात निखळणाऱ्या दहांपैकी सुमारे नऊ खुब्यांत डोके मागच्या बाजूस जाते.

आपल्याकडे सुश्रुतसंहितेच्या निदानस्थानात 'भग्न' या विषयाचे दोन भाग केले आहेत : हाड मोडणे म्हणजे काण्डभग्न आणि सांधा सुटणे म्हणजे संधिमुक्त. संधिमुक्ताचे सहा प्रकार दिले असून त्यांपैकी 'विश्लिष्ट' या प्रकारात सांधा केवळ सैल होतो. अपूर्ण निखळण्याच्या कल्पनेच्या जवळ जाणारी ही संज्ञा आहे. मांडी व कंबर यांच्या दुखापतीत रुग्णाला फळीवर निजवून खुंट्यांच्या आधाराने पाय स्थिर ठेवण्याची 'कपाटशयन' ही रीतही त्यात वर्णिली आहे. सांधा बसवल्यावर तो हलू न देणे हे तत्त्व आजही तेच आहे.

अरबी वैद्यकातील 'जब्र'

आठव्या शतकाच्या अखेरीस बगदादमध्ये वजीर याह्या बिन खालिद बर्मकी याच्या आज्ञेने मंका या भारतीय वैद्याने सुश्रुताचा ग्रंथ अरबीत समजावून दिला, अशी नोंद इब्न अल्-नदीमच्या 'अल्-फिहरिस्त' या सूचीत आहे. ग्रीक आणि भारतीय असे दोन्ही प्रवाह अशा रीतीने एका भाषेत आले.

अरबीत मोडलेले किंवा सुटलेले हाड पुन्हा जागी आणण्याला 'जब्र' म्हणतात, आणि हे काम करणाऱ्याला 'मुजब्बिर'. नवव्या शतकात अल्-ख्वारिझ्मीने आपल्या गणिताच्या ग्रंथाच्या नावात हाच शब्द वापरला व त्यावरून 'अल्जेब्रा' रूढ झाला. इब्न सीना (९८०-१०३७) याच्या 'अल्-कानून' या ग्रंथाच्या चौथ्या खंडात हाडे मोडणे व सांधे निखळणे यांचे विवेचन 'जब्र' या सदराखाली येते. सांधा पूर्ण निखळण्याला तेथे 'खल्अ' ही संज्ञा आहे.

कुर्तुब्याजवळील अल्-जहरावी (९३६-१०१३) याच्या 'अल्-तसरीफ' या ग्रंथाचा तिसावा व शेवटचा भाग शस्त्रक्रियेवर आहे. त्यात खुब्यावर स्वतंत्र प्रकरण आहे. पाय आखूड झाला की लांब, गुडघा आत वळला की बाहेर, रुग्णाला मांडी दुमडता येते की नाही, यांवरून डोके कोणत्या बाजूला गेले ते ओळखावे, असे तो सांगतो. मग सहायकांनी वरून व खालून ताण द्यावा व वैद्याने डोके खोबणीत परतवावे. मात्र आपल्या विषयाच्या दृष्टीने त्याचे एक विधान फार महत्त्वाचे आहे. इतर सांधे थोडेसे सरकू शकतात, पण खुबा व खांदा हे निखळले तर पूर्णच निखळतात, असे त्याचे मत होते. हे मत त्याच्याआधी ग्रीक परंपरेतही होते. हाताने व डोळ्याने तपासणाऱ्या वैद्याला मोठ्या माणसाच्या खोल, मांसल सांध्यातील लहानसे सरकणे कळणे शक्यच नव्हते. म्हणून या मताबद्दल त्याला दोष देण्याचे कारण नाही. त्या काळच्या साधनांची मर्यादा एवढेच त्यावरून कळते.

बाराव्या शतकात तोलेदो येथे क्रेमोनाच्या जेरार्डने हे ग्रंथ लॅटिनमध्ये नेले. स्पॅनिश व पोर्तुगीज भाषांत हाडवैद्याला 'अल्जेब्रिस्ता' म्हणत असत, ती याच परंपरेची खूण आहे.

गोव्यातील वैद्यकाची पार्श्वभूमी

गोव्यात हे अरबी वैद्यक दोन वाटांनी पोहोचले. एक वाट दख्खनच्या दरबारांतील हकिमांची, व दुसरी पोर्तुगालची. गार्सिया द ओर्ता या पोर्तुगीज वैद्याचा औषधींवरील ग्रंथ १५६३ मध्ये गोव्यात छापला गेला. त्यात इब्न सीनाचे दाखले जागोजागी आहेत, आणि अहमदनगरच्या निजामशहाकडील हकिमांशी झालेल्या चर्चेचाही उल्लेख आहे. १८४२ मध्ये पणजी येथे वैद्यक-शस्त्रक्रिया विद्यालय स्थापन झाले. गोवा मुक्तीनंतर, १९६३ मध्ये, त्याचेच गोवा वैद्यकीय महाविद्यालय झाले. तरीही गावोगावी हाड बसवण्याचे काम दीर्घकाळ हाडवैद्यच करीत आले.

अपूर्ण निखळण्याचा शोध

१८२६ मध्ये पॅरिसच्या द्युपुइत्राँने जन्मजात निखळलेल्या खुब्याचे शवविच्छेदनावर आधारलेले वर्णन प्रसिद्ध केले. यावर उपाय नाही असे त्याचे मत होते. त्याच शतकात लिऑनच्या प्रावाझने दीर्घकाळ ताण देऊन काही मुलांचे खुबे जागी आणल्याचे दाखवले. १८९० च्या दशकात व्हिएन्नाच्या लोरेन्झने शस्त्र न लावता सांधा बसवून दोन्ही मांड्या फाकवलेल्या स्थितीत प्लास्टर घालण्याची पद्धत रूढ केली. १८९५ मध्ये क्ष-किरणांचा शोध लागला आणि जिवंत माणसाचा सांधा प्रथमच दिसू लागला. डोके खोबणीत अर्धेच आहे, किंवा खोबणीच उथळ आहे, हे तेव्हा कळले.

पुढचे पाऊल इटलीतील फेरारा येथे पडले. बाळाला धुताना मांडीत 'टक' असे जाणवते, ही एका आईची तक्रार मार्को ओर्तोलानी या बालरोगतज्ज्ञाने गांभीर्याने घेतली. मांड्या बाजूला नेताना निसटलेले डोके खोबणीत परतते, त्याचा तो धक्का होता. १९३७ मध्ये त्याने ही तपासणी प्रसिद्ध केली. १९६२ मध्ये इंग्लंडच्या बार्लोने तिला जोड दिली : जागेवर असलेला पण सैल खुबा हलक्या दाबाने बाहेर सरकतो का, हे पाहणे. त्याच्या पाहणीत साधारण साठांपैकी एका नवजात बाळाचा खुबा अस्थिर आढळला, आणि त्यांतील बहुतेक पहिल्या दोन महिन्यांत आपोआप स्थिर झाले. १९८० मध्ये ऑस्ट्रियाच्या ग्राफने सोनोग्राफीची पद्धत मांडली. १९८९ मध्ये 'जन्मजात' या शब्दाऐवजी 'वाढीशी निगडित' असे नाव सुचवले गेले, कारण काही मुलांत हा दोष जन्मानंतर हळूहळू वाढतो.

उपचाराचे आजचे स्वरूप

उपचार मुख्यतः वयावर अवलंबून असतो. पहिल्या सहा महिन्यांत चेकोस्लोव्हाकियाच्या पाव्हलिकने १९४० च्या दशकात तयार केलेला पट्ट्यांचा साज पुरेसा ठरतो. त्यात मांड्या दुमडलेल्या व फाकलेल्या राहतात, पण बाळाला पाय हलवता येतात. त्यानंतर साधारण दीड वर्षापर्यंत भूल देऊन सांधा बसवावा लागतो व प्लास्टर घालावे लागते. दीड वर्षानंतर बहुधा शस्त्रक्रियाच करावी लागते. कॅनडाच्या सॉल्टरने १९६१ मध्ये प्रसिद्ध केलेली, कमरेचे हाड कापून खोबणीची दिशा बदलणारी शस्त्रक्रिया त्यांपैकी एक आहे. त्याहून उशीर झाला तर तरुणपणीच सांधा झिजतो व शेवटी कृत्रिम सांध्याचा विचार करावा लागतो. एकच दोष, पण दोन महिन्यांच्या बाळाला पट्टे पुरतात आणि चार वर्षांच्या मुलीला शस्त्रक्रिया लागते.

अपघाताने निखळलेल्या खुब्याची गोष्ट वेगळी आहे. डोके मागे गेले असता पाय आखूड, दुमडलेला व आत वळलेला दिसतो. डोक्याचा रक्तपुरवठा तुटण्याचा धोका असल्याने साधारण सहा तासांच्या आत, भूल देऊन, तो बसवला जावा लागतो. खाणीची वाहतूक पाहिलेल्या डिचोली-साखळी भागाला रस्त्यावरचे अपघात नवे नाहीत. कारापूरहून बांबोळीचे वैद्यकीय महाविद्यालय तासाभराच्या अंतरावर आहे, आणि १०८ क्रमांकाची रुग्णवाहिका सेवा गोव्यात २००८ पासून आहे. अशा वेळी जागेवर पाय ओढून पाहणे किंवा हाडवैद्याकडे जाण्यात दिवस घालवणे घातक ठरते.

तिसरे कारण स्नायूंच्या दुबळेपणाचे. पोलिओने किंवा मेंदूच्या पक्षाघाताने स्नायूंचा तोल बिघडला की खुबा आधी अपूर्ण व मग पूर्ण निखळू शकतो. या संदर्भात मुंबईच्या फातिमा इस्माइल यांचे स्मरण उचित ठरेल. स्वतःच्या मुलीला पोलिओ झाल्यावर त्यांनी १९४७ मध्ये अपंग मुलांच्या पुनर्वसनासाठी संस्था उभी केली. हाजी अली येथील मुलांचे अस्थिरोग रुग्णालय त्यातूनच आकाराला आले. १९५८ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. एका घरातील दुःखाचे संस्थेत रूपांतर करणारे हे काम आपल्या शिक्षणसंस्थांनी अभ्यासावे असे आहे.

कडेवर घेण्याची रीत

खुब्याच्या वाढीवर बाळाला कसे बांधतात व कसे उचलतात याचाही परिणाम होतो. जपानमध्ये बाळाचे पाय सरळ करून घट्ट गुंडाळण्याची चाल होती, आणि शंभरांत एक ते तीन बाळांचे खुबे निखळलेले आढळत. १९७५ च्या सुमारास ही चाल सोडण्याची मोहीम झाली व प्रमाण हजारी दोनच्या आसपास आले. याउलट आफ्रिकेतील अनेक समाजांत बाळ आईच्या पाठीवर मांड्या फाकवून बांधले जाते, आणि तेथे हा दोष क्वचितच दिसतो.

आपल्याकडे कारापूरपासून कोल्हापूरपर्यंत मूल कडेवर घेतात. कडेवरच्या मुलाच्या मांड्या आईच्या कमरेभोवती फाकलेल्या व दुमडलेल्या असतात. पाव्हलिकचा साज हीच स्थिती साधतो. पण मूल कडेवर येण्याआधीच्या महिन्यांत आंघोळीनंतर त्याला दुपट्यात पाय ताठ करून आवळण्याची, किंवा घोट्यांना धरून उलटे करण्याची रीतही अनेक घरांत आहे. पहिली रीत जपावी, दुसरी सोडावी. दुपटे गुंडाळण्यास हरकत नाही. पाय आत मोकळे हलले पाहिजेत.

समारोप

हा दोष मुलांपेक्षा मुलींत चार ते सहा पटींनी अधिक आढळतो. पायाळू जन्मलेली बाळे, पहिलटकरणीची मुले आणि घरात आधी कोणाला हा त्रास असलेली मुले यांच्याकडे विशेष लक्ष द्यावे लागते. एक मांडी कमी फाकणे, एक पाय आखूड दिसणे, चालू लागल्यावर लंगडणे किंवा बदकासारखे झुलत चालणे, या खुणा ओळखायला यंत्र लागत नाही. तरी पुष्कळदा 'नशीब' म्हणून किंवा 'मोठी झाली की सुधारेल' म्हणून त्या सोडून दिल्या जातात. मग ती मुलगी शाळेच्या वाटेवर मागे पडते. पुढे जमिनीवर मांडी घालून बसणे, नमाजात कअदा करणेही तिला जड जाते, आणि लग्नाच्या बोलण्यांत तिची चाल मोजली जाते. याची सुरुवात पहिल्या काही महिन्यांत न झालेल्या एका तपासणीत असते.

आपल्या महाविद्यालयांतून उद्याच्या अंगणवाडी सेविका, परिचारिका, शिक्षिका व माता शिकून बाहेर पडतात. विज्ञानाच्या किंवा गृहशास्त्राच्या एका तासिकेत, बाहुली आणि दुपटे घेऊन, एवढे शिकवता येईल. अल्-जहरावीला जे सरकणे हाताने कळू शकले नाही, ते फेराऱ्यातील एका आईच्या हाताला कळले होते, कारण ती रोज बाळाला धूत होती. तशी तक्रार घेऊन एखादी आई आली, तर 'काही नाही' असे न म्हणता तिला आरोग्य केंद्राची वाट दाखवणे, हे काम शिक्षकाला सहज करता येण्यासारखे आहे.