पारशी कोणाला म्हणावे? : १९०८ चा पेटिट विरुद्ध जीजीभाई खटला

१/ इ.स. १९०६. मुंबई उच्च न्यायालयात दाखल झालेल्या एका दाव्यात दोन प्रश्न होते. पारशी पंचायतीच्या मालमत्तांचे विश्वस्त नेमण्याचा अधिकार कोणाचा? आणि त्या मालमत्तांचा लाभ घेण्याचा हक्क कोणाला? वरकरणी हे कारभाराचे प्रश्न. परंतु त्यांच्या उत्तरातून एका समाजाची कायदेशीर व्याख्याच घडली, आणि तिच्याभोवतीचा वाद आजही शमलेला नाही.

२/ मुंबईची पारशी पंचायत सतराव्या शतकापासूनची. एके काळी तिचा दरारा मोठा होता. जातिनियम मोडणाऱ्याला जोड्यांनी मारण्याची मुभा गव्हर्नर हॉर्नबी यांनी १७७८ मध्ये तिला दिली होती. एकोणिसाव्या शतकात तिची न्यायसत्ता ओसरली. उरले ते धर्मादाय निधी, डुंगरवाडीची जमीन आणि तेथील दख्मे. सत्ता गेली, पण विश्वस्तपद राहिले. आणि विश्वस्तपदातच नवी सत्ता दडलेली होती.

३/ हे विश्वस्त निवडून येत नसत. एखादी जागा रिकामी झाली, की उरलेले विश्वस्तच आपल्या पसंतीचा माणूस नेमत. समाजाच्या पैशावर देखरेख करणारे मंडळ अशा रीतीने मोजक्या श्रीमंत घराण्यांच्या हाती राहिले होते.

४/ ठिणगी पडली ती एका विवाहातून. रतनजी दादाभाई टाटा यांनी १९०२ मध्ये पॅरिसला सुझान ब्रिएर या फ्रेंच तरुणीशी विवाह केला. मुंबईत आल्यावर तिची नवजोत झाली, म्हणजे जरथुश्त्री धर्माची दीक्षा तिला विधिपूर्वक मिळाली. त्यानंतर पारशी पद्धतीने पुन्हा विवाह लागला. आता तिला अग्यारीत प्रवेश मिळेल काय? मृत्यूनंतर तिचा देह दख्म्यात ठेवता येईल काय?

५/ समाज दुभंगला. सुधारकांचे म्हणणे होते की, धर्म दीक्षेची परवानगी देतो. मग दीक्षितांना दारातच अडवणे हा अन्याय आहे. विरोधकांना वेगळी भीती होती. आज एका धनिकाची पत्नी आत आली, तर उद्या केवळ निधीच्या लोभाने इतर लोक धर्मांतर करून येतील आणि हा चिमुकला समाज त्यांत विरघळून जाईल.

६/ सर दिनशा माणेकजी पेटिट व इतरांनी विश्वस्तांविरुद्ध दावा लावला. प्रतिवादींच्या अग्रभागी होते सर जमशेटजी जीजीभाई. न्यायासनावर न्या. दिनशा दावर, जे स्वतः पारशी होते, आणि इंग्रज न्या. बीमन. जिच्यामुळे हे सारे घडले, ती सुझान मात्र या दाव्यात पक्षकार नव्हती.

७/ निकाल नोव्हेंबर १९०८ मध्ये लागला. पहिल्या प्रश्नावर वादी जिंकले. विश्वस्तांनी आपसांत केलेल्या नेमणुका न्यायालयाने वैध मानल्या नाहीत. पुढे न्यायालयाच्या योजनेनुसार निवडणूक आली, पण मताधिकार सर्वांना मिळाला नाही. देणगीदार आणि समाजाचे प्रतिनिधी यांची ‘अंजुमन समिती’ विश्वस्त निवडू लागली.

८/ दुसऱ्या प्रश्नावर वादी हरले. यातील युक्तिवाद ध्यानात घेण्याजोगा आहे. जरथुश्त्री धर्मात धर्मांतराला मज्जाव नाही, हे न्यायालयाने मान्य केले. परंतु धर्मादाय न्यासाच्या कायद्यात पाहिला जातो तो दात्याचा हेतू. या दात्यांच्या काळी भारतातील पारशी परक्यांना दीक्षा देत नसत. तेव्हा दान करताना त्यांच्या मनात असे लोक असणे संभवत नाही.

९/ म्हणून न्यायालयाने दोन शब्दांची फारकत केली. ‘जरथुश्त्री’ हे धर्माचे नाव, ‘पारशी’ हे वंशाचे. दावर यांच्या व्याख्येत तीन गट आले : इराणातून आलेल्यांचे वंशज असलेले व जरथुश्त्री मातापित्यांच्या पोटी जन्मलेले, इराणातून येणारे जरथुश्त्री, आणि पारशी पिता व परकी माता यांची रीतसर दीक्षा घेतलेली मुले.

१०/ या व्याख्येनुसार सुझान जरथुश्त्री ठरली, पण पारशी नव्हे. तिचा १९०४ मध्ये जन्मलेला मुलगा मात्र पारशी होऊ शकत होता. तो मुलगा म्हणजे जे. आर. डी. टाटा. आणि पारशी माता व परका पिता यांची मुले? त्यांना या व्याख्येत स्थानच नव्हते. समाजाचे दार पित्याच्या बाजूने उघडे आणि मातेच्या बाजूने बंद राहिले.

११/ पुढे रंगूनच्या अग्यारीतील प्रवेशावरून असाच वाद प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेला. १९२५ मध्ये तेथेही केवळ दीक्षेने हक्क मिळत नाही, हीच भूमिका कायम राहिली. मुंबईत विश्वस्तांच्या निवडणुकीसाठी सर्व प्रौढ पारशांना थेट मत देता आले ते २००८ मध्ये, म्हणजे निकालानंतर तब्बल शंभर वर्षांनी.

१२/ पारशी स्त्रीने परधर्मीयाशी विवाह केला, तर तिचे हक्क उरतात काय, हा प्रश्न वलसाडच्या एका प्रकरणातून सर्वोच्च न्यायालयात पोहोचला. २०१७ मध्ये तेथील अंजुमनने त्या महिलेला मातापित्यांच्या अंत्यविधीस उपस्थित राहू देण्याची तयारी दाखवली. मूळ घटनात्मक प्रश्न मात्र तेव्हा सुटला नाही.

१३/ विश्वस्तांच्या निवडणुकीचा वाद क्वचितच निव्वळ खुर्चीचा असतो. मतदारयादी करायची, तर सभासद कोण हे आधी ठरवावे लागते. आणि सभासद ठरवताना समाजाची सीमा आखावी लागते. १९०८ मध्ये ती सीमा दात्यांच्या हेतूवरून आखली गेली. ते दाते तेव्हा हयात नव्हते. ज्यांच्यावर ती लागू झाली, ते मात्र होते.