लॅटेराइट : वीट, दगड की खनिज? एका शब्दाचा दोनशे वर्षांचा प्रवास

१/ कोकणातल्या घराच्या भिंतीत तो ‘चिरा’ असतो. शाळेच्या भूगोलात ‘जांभी मृदा’. भूवैज्ञानिकाच्या नकाशावर ‘लॅटेराइट’, ॲल्युमिनियमच्या कारखान्याच्या दारात ‘बॉक्साइट’ आणि महसुली दप्तरात पुष्कळदा नुसता ‘पोटखराबा’. पदार्थ एकाच कुळातला, नावे पाच. नाव बदलले की त्याची किंमत बदलते, त्याला लागू होणारा नियमही बदलतो. या नावांची ही कथा.

२/ कथेचा आरंभ एका युद्धाच्या शेवटापासून होतो. इ. स. १७९९मध्ये श्रीरंगपट्टण पडले आणि टिपू सुलतानाचा अंत झाला. जिंकलेल्या मुलखात काय पिकते, काय विणले जाते, कोणते धातू निघतात, याची माहिती ईस्ट इंडिया कंपनीला हवी होती. गव्हर्नर जनरल वेलस्ली याने हे काम फ्रान्सिस बुकॅनन या स्कॉटिश डॉक्टराकडे सोपवले.

३/ बुकॅनन व्यवसायाने वैद्य आणि वृत्तीने वनस्पतिशास्त्रज्ञ होता. १८०० आणि १८०१ या वर्षांत त्याने म्हैसूर, कानडा आणि मलबार हे प्रदेश पालथे घातले. शेतीची अवजारे, विणकरांचे माग, लोखंडाच्या भट्ट्या, देवळे, बाजार असे जे दिसेल ते तो टिपून ठेवी. १८००च्या अखेरीस तो मलबारातल्या अंगाडिपुरम येथे पोहोचला. आज हे गाव केरळच्या मलप्पुरम जिल्ह्यात येते.

४/ तेथे त्याच्या नजरेस एक विलक्षण पदार्थ पडला. जमिनीखाली त्याचे प्रचंड थर होते, पण त्यांत पदर दिसत नव्हते. अंग सच्छिद्र, रंग तांबडा-पिवळा, पोटात भरपूर लोह. खाणीत असताना तो इतका मऊ की लोखंडी हत्याराने सहज कापता यावा. बाहेर काढून हवेत ठेवला की मात्र तो विटेसारखा कठीण होई आणि पुढे ऊन-पाऊस सोशीत उभा राही.

५/ स्थानिक लोकांपाशी त्याला नाव होतेच. बुकॅननने ते नोंदवले : ‘इत्तिका कल्लु’, म्हणजे विटेचा दगड. ‘कल्लु’ म्हणजे दगड. ‘इत्तिका’मागे संस्कृत ‘इष्टका’ आहे आणि मराठीतली ‘वीट’ही त्याच कुळातली. बुकॅननने याच कल्पनेला लॅटिन पेहराव चढवला. लॅटिनमध्ये विटेला ‘लाटेर’ म्हणतात. त्यावरून ‘लॅटेराइट’ हे नाव १८०७ साली लंडनहून प्रसिद्ध झालेल्या त्याच्या तीन खंडांच्या प्रवासवृत्तात प्रथम छापले गेले.

६/ येथे एक गंमत आहे. लॅटिनमध्ये ‘लाटुस’ असाही एक शब्द आहे. त्याचा अर्थ बाजू. इंग्रजीतला ‘लॅटरल’ त्यावरून आला. विभक्ती लागली की ‘लाटेर’ आणि ‘लाटुस’ या दोहोंचे रूप ‘लाटेरिस’ असे एकच होते. त्यामुळे लॅटेराइट म्हणजे आडवा पसरलेला खडक, असा समज सहज होऊ शकतो. पण या शब्दाच्या मुळाशी बाजू नाही, वीट आहे.

७/ या नामकरणाचा विशेष ध्यानात घेण्याजोगा आहे. लॅटेराइट हे नाव खडकाच्या घटकद्रव्यांवरून पडले नाही, वयावरून नाही, जन्मकथेवरूनही नाही. गवंडी त्याचे काय करतो, यावरून ते पडले. मलबारातल्या कारागिराचे पिढ्यान्‌पिढ्यांचे ज्ञान एका युरोपीय शब्दात बसले आणि त्या शब्दाच्या प्रसिद्धीत मूळ नाव मागे पडले.

८/ कोकणात याच दगडाला ‘जांभा’ म्हणतात आणि त्याच्या कापलेल्या ठोकळ्याला ‘चिरा’. घाटावर चिरा म्हटले की काळ्या पाषाणाचा घडीव दगड डोळ्यांपुढे येतो, कोकणात आणि गोव्यात तांबडा जांभा. ‘चिरेबंदी’ हा शब्द दोन्हीकडे चालतो, पण भिंतीचा रंग निराळा. मोकळ्या उघड्या खडकाला ‘कातळ’ आणि त्याच्या विस्तीर्ण सपाट माळाला ‘सडा’ असेही शब्द कोकणात आहेत.

९/ हा दगड घडतो कसा? उष्ण हवा, मुसळधार पाऊस आणि अफाट काळ, ही त्याची सामग्री. पावसाचे पाणी खडकात मुरते आणि कॅल्शियम, मॅग्नेशियम, सोडियम, पोटॅशियम व पुष्कळशी सिलिका विरघळवून नेते. सहजी न विरघळणारी लोहाची आणि ॲल्युमिनियमची संयुगे मागे उरतात. सह्याद्रीवर हीच क्रिया सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाच्या खडकांवर घडली. महाबळेश्वर-पाचगणीच्या माथ्यावरचा तांबडा थर हे तिचेच फळ.

१०/ मऊ दगड हवेत कठीण का होतो? जमिनीत असताना तो ओला असतो. बाहेर येऊन वाळला की त्यातली लोहसंयुगे घट्ट स्फटिकरूप धारण करतात आणि कणांना एकमेकांशी बांधून टाकतात. एकदा कडक झालेला दगड पुन्हा भिजला तरी पूर्वीसारखा मऊ होत नाही. भट्टीवाचून भाजलेली वीट म्हणावी, तशी ही क्रिया.

११/ या गुणावर मोठमोठ्या वास्तू उभ्या राहिल्या. कंबोडियातल्या अंकोरच्या मंदिरांत वालुकाश्माच्या नक्षीमागे पुष्कळ ठिकाणी लॅटेराइटच आहे. जुन्या गोव्यातले बॉम जेझूस बॅसिलिका १६०५मध्ये पूर्ण झाले, तेही जांभ्याचे. विसाव्या शतकाच्या मध्यास त्याचा बाहेरचा गिलावा काढला गेला आणि आजचा तांबडा चेहरा दिसू लागला. उघड्या जांभ्याने पाऊस किती सोसावा, हा वाद तेथे अजून चालू आहे.

१२/ आता दृश्य बदलते. १८२१मध्ये फ्रान्सच्या दक्षिणेस ले बो या गावाजवळच्या एका तांबड्या खनिजाचे पियेर बेर्तिए यांनी पृथक्करण केले. त्यात ॲल्युमिनियमची संयुगे विपुल निघाली. गावाच्या नावावरून पुढे ‘बॉक्साइट’ हा शब्द रूढ झाला. तेव्हा त्याला फारसे मोल नव्हते, कारण ॲल्युमिनियम धातू स्वस्तात वेगळा काढण्याची युक्ती कोणापाशीच नव्हती.

१३/ ती युक्ती १८८६मध्ये सापडली. अमेरिकेत चार्ल्स हॉल आणि फ्रान्समध्ये पॉल एरू यांनी विजेच्या साहाय्याने ॲल्युमिनियम काढण्याची रीत स्वतंत्रपणे शोधली. पाठोपाठ कार्ल बायर यांनी बॉक्साइटमधून शुद्ध ॲल्युमिना मिळवण्याची प्रक्रिया दिली. दोन-तीन वर्षांत एका उपेक्षित तांबड्या मातीचे मौल्यवान धातुकात रूपांतर झाले.

१४/ आणि लॅटेराइटकडे पाहण्याची दृष्टीही बदलली. १८९८मध्ये माक्स बाउअर यांनी सेशेल्स बेटांवरच्या लॅटेराइटचे रासायनिक पृथक्करण करून त्याचे बॉक्साइटशी साम्य दाखवले. १९०३मध्ये भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे थॉमस हॉलंड यांनी भारतातल्या लॅटेराइटविषयी तोच धागा पुढे नेला. गवंड्याच्या विटेत आता रसायनशास्त्रज्ञाला धातू दिसू लागला.

१५/ येथून शब्दावरचा झगडा सुरू झाला. काही विद्वान ॲल्युमिनियमच्या संयुगांवरून लॅटेराइटची व्याख्या करू लागले, तर काहींना बुकॅननचा जुना अर्थ सोडवेना. १९११मध्ये लुई फर्मोर यांनी लिहिलेल्या लेखाचे शीर्षकच ‘लॅटेराइट म्हणजे काय?’ असे होते. नाव छापले गेल्याला शतक उलटले होते आणि तज्ज्ञ अजून हाच प्रश्न विचारीत होते.

१६/ व्याख्या फार ताणली, तर खुद्द अंगाडिपुरमचा दगडच लॅटेराइट ठरू नये, असा चमत्कारिक पेच उभा राहत होता. अखेर १९३६मध्ये सिरिल फॉक्स यांनी बुकॅननने वर्णिलेल्या मलबार आणि कानड्यातल्या लॅटेराइटवरच स्वतंत्र लेख लिहिला. शब्दाचा अर्थ शोधण्यासाठी विज्ञानाला त्याच्या जन्मगावी परत यावे लागले.

१७/ मृदाशास्त्रज्ञ या गोंधळाला इतके कंटाळले की १९६०मध्ये अमेरिकेच्या नव्या मृदा-वर्गीकरणात त्यांनी ‘प्लिंथाइट’ हा निराळा शब्द योजला. अर्थ : लोहयुक्त माती, जी वारंवार ओली-सुकी झाल्यावर कायमची कडक होते. हा शब्द ‘प्लिंथॉस’ या ग्रीक शब्दावरून आला. आणि ‘प्लिंथॉस’ म्हणजे? पुन्हा वीटच!

१८/ विटेच्या या उपमेने एकदा दिशाभूलही केली. उष्ण कटिबंधातले जंगल तोडले की तिथली सारी जमीन विटेसारखी टणक होईल, अशी भीती १९६०च्या दशकात बोलून दाखवली जात होती. पुढील अभ्यासात असे दिसले की कायमची कडक होणारी माती उष्ण कटिबंधाच्या थोड्याच भागात आहे. जंगलतोडीचे दुष्परिणाम खरेच. पण सगळी तांबडी माती लॅटेराइट नव्हे.

१९/ उद्योगांनी तर प्रत्येकाने आपला अर्थ काढला. सिमेंटच्या कारखान्यात लॅटेराइट म्हणजे भट्टीत लोह आणि ॲल्युमिना पुरवणारा कच्चा माल. निकेलच्या व्यापाऱ्याला ‘लॅटेराइट’ म्हटले की इंडोनेशिया आणि न्यू कॅलेडोनिया आठवतात, कारण जमिनीवरच्या ज्ञात निकेलपैकी निम्म्याहून अधिक अशा प्रकारच्या साठ्यांत आहे. पश्चिम आफ्रिकेतल्या फ्रेंचमध्ये तो शब्द तांबड्या कच्च्या रस्त्याची आठवण करून देतो.

२०/ पूर्व आफ्रिकेत अशा रस्त्याला इंग्रजीत ‘मरम रोड’ म्हणतात. हा ‘मरम’ आपल्या ओळखीचा आहे. १८८६मध्ये प्रथम प्रसिद्ध झालेल्या ‘हॉब्सन-जॉब्सन’ या अँग्लो-इंडियन शब्दकोशाने त्याचा भारतीय अवतार मराठी असल्याचे नोंदवले आहे. तो म्हणजे आपला ‘मुरूम’. देशावर मुरूम म्हणजे कुजलेला काळा खडक. केनिया-युगांडात मात्र लॅटेराइटची खडी. वस्तू बदलली, पण रस्त्यावर पसरण्याचे काम तेच राहिले.

२१/ भारतात या नावांना कायद्याचे वजन आहे. १९५७च्या खाणकायद्याने खनिजांचे दोन वर्ग केले. बॉक्साइट प्रमुख खनिजांत मोडते. लॅटेराइटला २०१५मध्ये केंद्र सरकारने आणखी तीस खनिजांसोबत गौण खनिज ठरवले. गौण खनिजांचे नियम राज्ये करतात. कोल्हापूर जिल्ह्यातल्या सह्याद्रीच्या माथ्यांवर तर जांभा आणि बॉक्साइट एकाच थरात मिसळलेले असतात. तेथे ॲल्युमिनाचे प्रमाण किती, यावर नाव ठरते आणि नावावर स्वामित्वधन.

२२/ महसुली दृष्टीने सड्यावर नांगर चालत नाही, म्हणून तो पडीक. पण हा ‘पडीक’ कातळ किती भरलेला आहे! जांभ्याच्या अशाच माथ्यावर कासचे पठार पावसाळ्यात फुलते. २०१२मध्ये जागतिक वारसा ठरलेल्या पश्चिम घाटातल्या ३९ स्थळांपैकी ते एक. रत्नागिरीच्या सड्यांवर उक्षी, कशेळी, बारसू येथे प्राचीन माणसाने हत्ती, मासे, मानवाकृती कोरल्या. २०२२मध्ये ही कातळशिल्पे युनेस्कोच्या संभाव्य यादीत आली.

२३/ पुढच्याच वर्षी, २०२३मध्ये, बारसूच्या सड्यावर प्रस्तावित तेलशुद्धीकरण प्रकल्पासाठी सर्वेक्षण सुरू झाले आणि मोठे आंदोलन उभे राहिले. त्या सर्वेक्षणाचे वृत्तपत्रांतले नाव होते ‘माती परीक्षण’. एकच जमीन कोणासाठी माती होती, कोणासाठी कातळ, कोणासाठी गावचा सडा आणि कोणासाठी इतिहासाचे पान. तेथे शब्दांवरचे मतभेद पुस्तकात राहिले नाहीत, ते रस्त्यावर आले.

२४/ १९७९मध्ये भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाने अंगाडिपुरम येथे लॅटेराइटच्या नामकरणाचे स्मारक उभारले. एका खडकाचे नाव जिथे पडले, त्या जागेचा असा सन्मान विरळाच. ज्यांनी बुकॅननच्या आधी त्याला ‘विटेचा दगड’ म्हटले, त्या खाणकामगारांची आणि गवंड्यांची नावे मात्र इतिहासाला ठाऊक नाहीत.

२५/ त्यांचे नामकरण आजही खरे ठरते. रसायनशास्त्र, मृदाशास्त्र, उद्योग आणि कायदा यांनी आपापल्या व्याख्या केल्या, बदलल्या, मोडल्या. चिरेखाणीत आता यांत्रिक करवती फिरतात. पण खाणीतून ओला, मऊ चिरा निघतो, वाळून कठीण होतो आणि भिंतीत बसतो. बुकॅननने दोनशे वर्षांपूर्वी पाहिले, ते नेमके हेच.

(समाप्त)