पटवर्धन, आनंद
(जन्म : १८ फेब्रुवारी १९५०). भारतीय माहितीपटकार. झोपडपट्टीवासीय, शेतमजूर, धरणग्रस्त आदिवासी आणि दलित यांचे लढे त्यांच्याच तोंडून मांडणारे दिग्दर्शक म्हणून ख्यातकीर्त. जन्म मुंबई येथे. मुंबई विद्यापीठातून इंग्रजी साहित्याची, अमेरिकेतील ब्रँडाइस विद्यापीठातून समाजशास्त्राची पदवी. पुढे कॅनडातील मॅकगिल विद्यापीठातून संज्ञापन विषयात एम.ए.

बिहारमधील जयप्रकाश नारायण यांच्या आंदोलनावरील ‘क्रांती की तरंगें’ हा त्यांचा आरंभीचा माहितीपट. आणीबाणीत तो गुप्तपणेच दाखवावा लागला. त्यानंतरच्या ‘जमीर के बंदी’मध्ये (१९७८) राजकीय कैद्यांचे अनुभव आहेत. ब्रिटिश कोलंबियातील भारतीय शेतमजुरांच्या संघटनाबांधणीवर त्यांनी जिम मनरो यांच्यासह ‘अ टाइम टू राइज’ (१९८१) केला.

‘हमारा शहर’मध्ये (१९८५) मुंबईतील झोपड्यांच्या पाडापाडीत उघड्यावर आलेली कुटुंबे बोलतात. गरिबांचे चित्रण करून तुम्ही काय साधणार, असा जाब एक स्त्री चित्रपटकारांनाच विचारते. तो प्रसंग पटवर्धनांनी कापला नाही. बाबरी मशीद पाडली जाण्यापूर्वी पूर्ण झालेल्या ‘राम के नाम’मध्ये (१९९२) अयोध्येच्या परिसरातील सामान्य माणसांबरोबर पुजारी लालदास यांची मुलाखत आहे; १९९३ मध्ये लालदास यांची हत्या झाली. सिमंतिनी धुरू यांच्यासह केलेला ‘अ नर्मदा डायरी’ (१९९५) सरदार सरोवराच्या पाण्याखाली जाणाऱ्या गावांचा संघर्ष टिपतो.

११ जुलै १९९७ रोजी मुंबईतील रमाबाई नगरात डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याच्या विटंबनेचा निषेध करणाऱ्या जमावावर पोलिसांनी गोळीबार केला. त्यात १० जणांचा बळी गेला. या घटनेने व्यथित झालेले शाहीर विलास घोगरे यांनी काही दिवसांतच आत्महत्या केली. ‘हमारा शहर’मध्ये गायिलेल्या या मित्राच्या मृत्यूने पटवर्धनांना ‘जय भीम कॉम्रेड’ची (२०११) प्रेरणा दिली. १४ वर्षांच्या चित्रीकरणातून साकारलेल्या, तीन तासांहून अधिक लांबीच्या या माहितीपटात शाहिरी आणि भीमगीतांतून दलित समाजाची वेदना, विचार आणि प्रतिकार प्रकट होतात.

आपले चित्रपट लोकांपर्यंत पोहोचावेत म्हणून त्यांनी अनेकदा न्यायालयीन लढे दिले. ‘जंग और अमन’ला (२००२) सेन्सॉर मंडळाने सुचवलेल्या काटछाटीविरुद्ध ते मुंबई उच्च न्यायालयात गेले आणि तो अखंड प्रदर्शित करण्याचा हक्क मिळवला. ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’ या त्यांच्या माहितीपटाच्या प्रसारणाबाबत २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दूरदर्शनविरुद्ध त्यांच्या बाजूने निकाल दिला.

‘विवेक’ (२०१८) हा नरेंद्र दाभोलकर, गोविंद पानसरे आणि गौरी लंकेश यांच्या हत्यांचा मागोवा घेणारा माहितीपट ॲमस्टरडॅमच्या आंतरराष्ट्रीय माहितीपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट ठरला. ‘वसुधैव कुटुंबकम्’मध्ये (२०२३) त्यांनी आपल्या आईवडिलांच्या आठवणींतून स्वातंत्र्यलढ्याचा काळ उभा केला.

निवेदकाने निष्कर्ष सांगण्यापेक्षा पीडितांना, आणि त्यांच्या विरोधकांनाही, कॅमेऱ्यासमोर बोलू देणे हे पटवर्धन यांच्या शैलीचे वैशिष्ट्य. वृत्तपत्रांतून घटना ओसरल्यावरही वर्षानुवर्षे त्या माणसांबरोबर राहण्याच्या चिकाटीमुळे त्यांचे माहितीपट भारतीय लोकलढ्यांचा मोलाचा दस्तऐवज ठरले आहेत.